कागदावर आहे तेवढंच

इंदूमावशीला गणित येत नव्हतं. हे आधीच सांगून टाकते, कारण पंतनगरात आजही कुणी तिचं नाव काढलं की हमखास म्हणतात, “काय बाईचं गणित होतं!” डोंबलाचं गणित. सातवी शिकलेली बाई. तेराचा पाढा म्हणायला सांगितला की पाणी प्यायला उठायची. पण ती गणित वाचायची. समोरच्याने नुसतं ऐकून लिहावं आणि पुस्तकात असतं तस्सं कागदावर उतरावं, असं वाचायची. मी ऐकलंय, मी लिहिलंय, म्हणून सांगते.

इंदू वाघमारे आमच्या शेजारच्या खोलीत एकटीच राहायची. लालबागच्या बाजूला एका छापखान्यात तिने तीस वर्षं काढली होती. काम एकच. लेखकाने हाताने लिहिलेला कागद मोठ्याने वाचायचा, आणि शेजारी बसलेल्या मुद्रितशोधकाने छापलेला कागद त्याच्याशी ताडून बघायचा. वाचणाऱ्या माणसाला तिथे कॉपीहोल्डर म्हणायचे. तपासायला नाडकर्णीसाहेब, वाचायला ही. शाळेची गणिताची पुस्तकं आणि प्रश्नपत्रिका हे त्या छापखान्याचं मुख्य काम. त्यामुळे कंस, वर्गमूळ, पाय, थीटा, समांतर, लंब, सगळी चिन्हं या बाईच्या तोंडात बसलेली. त्यांचं पुढे काय करायचं असतं ते मात्र तिला कुणी कधी सांगितलं नाही आणि तिने विचारलं नाही.

पुढे कॉम्प्युटर आले, छापखाना बंद पडला, पण बाईच्या जिभेची सवय काही सुटली नाही. सोसायटीची नोटीस लागली की जिन्यात उभी राहून वाचायची, “उद्या स्वल्पविराम सकाळी दहा ते दोन स्वल्पविराम पाणी येणार नाही पूर्णविराम.” आम्ही पोरं हसून लोळायचो. कुणाची उणीदुणी काढायची झाली तरी आवाज खाली आणून “कंस उघडा” म्हणायची, आणि ज्याच्याबद्दल बोलणं चाललंय तो माणूस जिन्यात दिसला की तोंडावरची माशी न हलवता “कंस पुरा.” माझी आई माझ्यावर ओरडायला लागली की पलीकडून हाक यायची, “अगं, उद्गारचिन्हं कमी कर जरा.”

दुसरं वाक्य तिचं ठरलेलं होतं, “कागदावर आहे तेवढंच.” तिसऱ्या मजल्यावरच्या पाटलांच्या मुलाची लग्नपत्रिका आली, तेव्हा पाटीलकाकांनी कौतुकाने तिलाच वाचायला दिली. हिने सगळ्यांसमोर खणखणीत आवाजात वाचली, त्यात लग्न रविवारी. “अहो वाघमारेबाई, शनिवारी आहे!” “असेल. कागदावर रविवार आहे.” दोनशे पत्रिका वाटून झाल्या होत्या. पाटीलकाकू म्हणाल्या, “निदान वाचताना तरी शनिवार वाचायचात हो.” त्यावर ही म्हणाली, “मी कशाला माझ्या पदरचं वाचू? कागदावर आहे तेवढंच.” पाटलांनी नंतर वर्षभर तिच्याशी बोलणं टाकलं.

आणि तिचा हात. छापखान्यात खाली यंत्रं चालायची, आवाजात नुसत्या बोलण्याचा भरवसा नसायचा. म्हणून हिने आणि साहेबांनी टेबलावर खुणा बसवल्या होत्या. अंक वर चढवायचा असेल, म्हणजे वर्ग, घन वगैरे, तर बोटाच्या पेराने एकदा टक. अक्षराच्या खाली बारीक आकडा असेल तर दोनदा टकटक. उण्याची खूण मात्र हिची एकटीची. उणे आलं, की तोंडाने जोरात “उणे!” आणि अख्खा पंजा टेबलावर फाडकन. कपातला चहा बशीत यायचा. मी एकदा विचारलं होतं, “मावशी, अधिकला काही नाही, गुणिलेला काही नाही, उण्याचे एवढे लाड का गं?” तिने बशीतला चहा परत कपात ओतला. “सवय,” म्हणाली, आणि मला घरी पिटाळलं.

आता श्रावणी. श्रावणी सावंत, आमच्या वरच्या मजल्यावर. चौथीत असताना तिची नजर कमी व्हायला लागली आणि सहावीत पार गेली. तिची आई डबे करायची. मूळची मालवणची, तोंडाने फटकळ पण डोळे कायम पोरीवर. श्रावणी जिद्दीची म्हणजे किती! दहावीत गेली तेव्हा शाळेतल्या गणिताच्या सरांनी सांगितलं, “तुला सूट आहे. बीजगणित-भूमितीऐवजी सातवीच्या पातळीचं अंकगणित घे, आरामात पास होशील.” सगळे म्हणाले, सर किती चांगले. ही घरी येऊन रडली. कारण ती सूट घेतली की अकरावीला गणित मिळत नाही, आणि तिला जायचं होतं कॉम्प्युटरला. दुसऱ्या बाजूने, पूर्ण गणित घेतलं आणि नापास झाली तर वर्ष गेलं. डब्यांवर चालणाऱ्या घरात पोरीचं वर्ष जाणं म्हणजे पुढे शिक्षणच राहतं की नाही हा प्रश्न. तिच्या आईने तसं स्पष्ट बोलूनही दाखवलं होतं.

गणित तिच्या डोक्यात होतं हो, अगदी पक्कं. ऐकून ऐकून सगळं करायची. अडचण होती ती डोक्यातून कागदावर यायची. परीक्षेत तिने बोलायचं आणि लेखनिकाने लिहायचं. घटक चाचणीत एक मुलगी दिली होती लिहायला. श्रावणी म्हणाली होती “ए अधिक बी भागिले सी”, तिच्या डोक्यात ए अधिक बी हे सगळंच्या सगळं सी ने भागलेलं, आणि त्या पोरीने नुसता बी भागला. वीसपैकी चार मार्क. श्रावणीला पेपर परत मिळाला, पण तिला कुठे दिसणार काय चुकलं ते. ती तो पेपर घेऊन इंदूमावशीकडे आली. मावशीने वाचला, कागदावर होता तेवढाच. श्रावणीने हात पुढे करून पेपर परत घेतला आणि त्याची घडी घातली. मग तिने विचारलं, “मावशी, मी बोलेन तेच कागदावर उतरेल, असं काही करता येईल का गं?”

मावशीने चष्मा काढला, परत लावला. “बोलायचं कसं ते मी शिकवते. उतरवणारी मात्र बघायला लागेल.”

आणि तिने बघितली ती मी. लेखनिक खालच्या इयत्तेतला लागतो, मी नुकती नववीत गेलेली, तिथपर्यंत ठीक. पण श्रावणीची आई म्हणाली, “अगो, पल्लवी? तिका गणितात नऊ मार्क पडले!” तर ही भवानी माझ्यासमोर, माझ्या आईसमोर म्हणते, “म्हणूनच. हुशार पोरगी ऐकत नाही, मनातलं लिहिते. ही ढ आहे, ही ऐकलेलं लिहील.” मला असा संताप आला! दोन दिवस गेले नाही. तिसऱ्या दिवशी श्रावणी जिना चाचपत स्वतः खाली आली आणि दारात उभी राहून म्हणाली, “ये ना यार.” मग गेले.

शिकवणी रोज संध्याकाळी, मावशीच्या खोलीत, पत्र्याच्या टेबलाभोवती. एका बाजूला श्रावणी, समोर मी, मधे इंदूमावशी. तिने श्रावणीला पहिली गोष्ट शिकवली ती अशी, की चिन्ह म्हणजे कुठे काय सुरू होतं आणि कुठे संपतं याची खूण. “डोळस माणूस एका नजरेत बघतो की रेघ कुठवर गेलीय. ऐकणाऱ्याला ते दिसत नाही. सुरू केलंस तर संपलं म्हणून सांग.” मग अपूर्णांक असा, “अपूर्णांक. वर, ए अधिक बी. रेघ. खाली, सी. अपूर्णांक पुरा.” वर्गमूळ असं, “छप्पर सुरू,” आणि आतलं सगळं झालं की “छप्पर संपलं.” मी एकदा छप्पर लांबवत पानाच्या कडेपर्यंत नेलं, तर माझ्या डोक्यात टपली. “कुणाचं घर आहे ते बघ की आधी!” तीन टिंबं वर टोक करून म्हणजे ‘म्हणून’, खाली टोक करून म्हणजे ‘कारण’, ती मी आठवडाभर उलटी काढत होते. बरोबरची चिन्हं एकाखाली एक यायला हवीत. आणि प्रत्येक ओळ झाली की मी परत वाचून दाखवायची, टकटक आणि पंजासकट. “ऐकलंस ते लिही. समजलंस ते नको,” हे मला दिवसातून दहा वेळा.

भांडणं तर रोज. श्रावणी भराभर बोलायची, मी मागे पडायचे, ती चिडायची. एकदा मी पेन फेकून म्हटलं, “मला काय फायदा गं याचा? तू कॉम्प्युटरला जाशील, मी इथेच!” मावशी म्हणाली, “तीस वर्षं मी वाचलं त्या पुस्तकांवर माझं नाव नाही. चूक झाली असती तर मात्र सापडलं असतं. बस खाली.” मी बसले.

पंधरा दिवसांनी आम्ही तिघी शाळेत गेलो, पूर्ण गणिताच्या फॉर्मवर सरांची सही घ्यायला. सर वाईट नव्हते, घाबरलेले होते. म्हणाले, “बाई, हे चिन्हांचं प्रकरण बोलून होत नाही. उगाच पोरीचं वर्ष घालवाल.” मावशी म्हणाली, “सर, ते वर्गसमीकरणाचं मोठं सूत्र आहे ना, ते बोला. ही लिहील.” सरांनी एका दमात म्हटलं, “एक्स बरोबर उणे बी अधिक-उणे वर्गमूळात बी वर्ग उणे चार एसी भागिले दोन ए.” मी ऐकलं तसं लिहिलं. छप्पर फक्त बी वर्गावर टाकलं, चार एसी बाहेर उघड्यावर, आणि भागिले फक्त त्याच्याच खाली. सरांनी वही बघितली. “अगं, असं नसतं हे!” मावशी म्हणाली, “तुम्ही बोललात तेच आहे. तुमच्या वर्गातल्या पोरांना सूत्र पाठ आहे, म्हणून ती तुमचं बोलणं मनात दुरुस्त करून घेतात. हिला पाठ नाही.” मग ती बोलली. “अपूर्णांक. वर, उणे,” फाडकन, सरांचा पेनस्टँड हलला, “बी. अधिक-उणे. छप्पर सुरू. बी,” टक, “दोन. उणे,” फाडकन, “चार ए सी. छप्पर संपलं. रेघ. खाली, दोन ए. अपूर्णांक पुरा.” मी लिहिलं. सरांनी त्या ओळीवरून दोनदा बोट फिरवलं. सही केली, पण वर म्हणाले, “नापास झाली तर मग माझ्या दारात यायचं नाही.” मावशी म्हणाली, “नाही येणार.”

बीजगणिताच्या पेपरला केंद्र विक्रोळीला होतं. आम्हाला वेगळी छोटी खोली दिली होती, एक बाक, एक पंखा, एक पर्यवेक्षक बाई. इंदूमावशी फाटकाबाहेर रस्त्यापलीकडे एका बंद दुकानाच्या पायरीवर बसली. मी मागे वळून बघितलं तर तिने लांबूनच तोंडावर बोट ठेवलं आणि मग कानाला लावलं. गप्प राहा, ऐक.

पहिला तास झकास गेला. श्रावणी बोलत होती, टक, फाडकन, मी लिहीत होते, मी परत वाचत होते, टक, फाडकन. तेवढ्यात पर्यवेक्षक बाई उठल्या. इतका वेळ त्या आमच्या हातांकडे बघत होत्या हे मला कळलंच नव्हतं. “या खुणा कसल्या चालल्यात?” श्रावणी म्हणाली, “मॅडम, घात आहे. वरचा दोन.” “वरचा दोन तोंडाने सांगता येत नाही? ती पण ठोकतेय. तू विचारतेस आणि ती टकटक करून उत्तर देतेय!” मी, मी उत्तर देतेय! नऊ मार्कवाली! हसावं की रडावं कळेना. पण बाईंनी पेपर बाजूला घेतला आणि शिपायाला केंद्रसंचालकांकडे पाठवलं. कॉपीची केस, असं त्या पुटपुटल्या. श्रावणीने आपला हात माझ्या मनगटावर ठेवला आणि काढलाच नाही.

केंद्रसंचालक आले. श्रावणीने सगळं नीट समजावून सांगितलं, छापखान्यापासून. एक शब्द चुकला नाही. ते बरे होते, केस वगैरे केली नाही. पण म्हणाले, “ठोकाठोक नको. दोघींनी हात मांडीवर, लिहिणारीचा फक्त लिहायला वर. जे आहे ते शब्दांत.” आणि या सगळ्यात पंधरा-वीस मिनिटं गेली, ती काही परत मिळाली नाहीत.

हातांशिवाय आम्ही कधी सराव केलाच नव्हता. श्रावणी ‘वर दोन’ म्हणायची, मी चाचपडायचे. उणे नुसतंच यायचं, तोंडातून, बाकीच्या शब्दांसारखंच. मी प्रत्येक उण्याला मनात पंजा आपटत होते. शेवटचं उदाहरण आलं तेव्हा इशाऱ्याची घंटा होऊन गेली होती. दोन बहिणी, धाकटी दोन वर्षांनी लहान, वयांचा गुणाकार पस्तीस. श्रावणीने ते तोंडातल्या तोंडात सोडवलं आणि धावत सुटली. “कंस उघडा, एक्स उणे सात, कंस पुरा, कंस उघडा, एक्स अधिक पाच, कंस पुरा, बरोबर शून्य. म्हणून एक्स बरोबर सात किंवा एक्स बरोबर उणे पाच. वय ऋण असत नाही. म्हणून एक्स बरोबर सात.” माझं शेवटचं अक्षर आणि शेवटची घंटा एकदम. बाईंनी पेपर ओढला. ते पान परत वाचायचं राहिलं.

बाहेर आलो तर मावशी पायरीवरून उठून रस्ता ओलांडून आली होती. पेपर कसा गेला, असं नाही विचारलं. “सगळे कंस बंद केलेत?” श्रावणी म्हणाली, “केले!” आणि भडाभडा ठोकाठोकीची हकीकत सांगायला लागली. मी मागून चालत होते. उणे पाचचं उणे. मी ते ऐकलं होतं. पण पेनाने ती आडवी रेघ मारल्याचं मला काही केल्या आठवत नव्हतं.

तीन दिवस मी जेवले नाही धड; मधे भूमितीचा पेपरही हात मांडीवर ठेवूनच झाला. चौथ्या दिवशी मावशीकडे गेले आणि सांगितलं. मला वाटलं, टपली बसेल. तिने मला समोर बसवलं.

“माझं पण एक गेलंय,” म्हणाली. तिला ताप होता त्या दुपारी, घसा बसलेला. एका परीक्षेची प्रश्नपत्रिका वाचायची होती. एक उणे तिने पुटपुटल्यासारखं म्हटलं. साहेबांची पेन्सिल त्या जागी न थांबता पुढे सरकली, त्यावरून त्यांच्या कानावर गेलं नाही हे तिला कळलं, पण परत म्हणायला घसा दुखत होता आणि घरी जायचं होतं. प्रश्नपत्रिका तशीच छापून गेली. पोरं त्या उदाहरणाशी झटत बसली आणि ते सुटेचना. चौकशी झाली. तपासल्याची सही नाडकर्णीसाहेबांची. “मला विचारलं, तू वाचलं होतंस? मी म्हटलं, वाचलं होतं. खोटं नव्हतं गं ते. साहेबांनी चष्मा पुसला, डबा उचलला आणि गेले. त्यांना परत नोकरीवर घेतलं नाही. तेव्हापासून हा हात.”

मी विचारलं, “मग मी श्रावणीला सांगू?”

“मला काय विचारतेस?” ती एकदम खेकसली. “मी सांगितलं साहेबांना? त्यांच्या घरी जायचं म्हणून तीनदा निघाले आणि तीनदा परत आले. ते वारले. तुझं तू बघ.” त्या दिवशी पहिल्यांदा मी तिला डोळे पुसताना बघितलं. मी श्रावणीला सांगितलं नाही. आज सांगू, उद्या सांगू, करता करता निकाल आला.

श्रावणी पास झाली! गणितात शंभरपैकी बहात्तर. तिच्या आईने अख्ख्या मजल्याला पेढे वाटले, सर स्वतः घरी येऊन गेले. अकरावीला गणित मिळणार हे नक्की झालं. माझा जीव भांड्यात पडला. गेलं असेल उणे तर गेलं, कोण बघतंय. पण श्रावणी म्हणाली, “मला माझ्या उत्तरपत्रिकेची झेरॉक्स मागवायचीय.” तिची आई म्हणाली, “पास झालंस मां गो, आता त्या कागदाचा काय करतलंस?” श्रावणी म्हणाली, “मला ऐकायचंय. मी बोलले तेच उतरलंय का, ते मला ऐकायचंय. मावशी वाचेल.”

मावशीचा आवाज तोवर बसत चालला होता. सगळ्यांना वाटलं, सर्दी. मग मोठ्या हॉस्पिटलात तपासलं आणि घशात गाठ निघाली. ऑपरेशनची तारीख मिळाली, आणि त्यानंतर आवाज राहील असं कुणी म्हटलं नाही. डॉक्टरांनी बोलायलाही बंदी केली होती. ऑपरेशननंतर ती सात-आठ महिने होती, पाटीवर लिहून आमच्याशी भांडायची, स्वल्पविरामासकट. पण मी डोळे मिटले की मला ती दिसते ती ऑपरेशनच्या आदल्या रविवारची, दुपारची. झेरॉक्स आदल्या दिवशी आली होती. श्रावणी म्हणाली, “राहू दे मावशी, नंतर बघू.” मावशीने नाही म्हणून मान हलवली आणि पाकीट फोडलं.

पत्र्याचं टेबल. तिघींच्या त्याच जागा. मधे तीन कप चहा. मावशी वाचायला लागली. आवाज म्हणजे नुसती घरघर, शब्द कळतील न कळतील असा. पण छप्पर सुरू, छप्पर संपलं, रेघ, खाली, कंस पुरा, एक सुटलं नाही. उणे म्हणायला तिच्याकडे जोर उरला नव्हता, म्हणून उण्याला ती फक्त हात आपटायची. फाडकन. श्रावणी डोळे मिटून ऐकत होती आणि प्रत्येक ओळीला तिच्या चेहऱ्यावर उजेड पडत होता. दीड तास. मी पानं उलटून देत होते. शेवटचं पान मी उलटलं ते सगळ्यात हळू.

“एक्स बरोबर सात,” मावशी म्हणाली. “किंवा.” श्रावणी थोडी पुढे झुकली. “एक्स बरोबर.”

मावशीचा हात वर गेला आणि वरच राहिला. तिने कागद डोळ्यांजवळ नेला, परत लांब धरला. मग माझ्याकडे बघितलं. तिथे लाल पेनाने गोल केलेला होता आणि गोलात नुसता पाच होता. एक फटका मारला असता तर संपलं असतं. श्रावणीला काय दिसणार होतं? खोलीत आम्ही तिघीच. मी मनातल्या मनात म्हणत होते, मार गं मावशी, मार एकदा. मावशीने हात हळूच खाली आणला आणि आवाज न करता मांडीवर ठेवला.

“पाच,” ती म्हणाली.

श्रावणीने डोळे उघडले. “मावशी, हात?”

मावशीने मान हलवली. पण मान हलवलेली श्रावणीला कुठून दिसणार. मावशी तोंड उघडून काही म्हणायला गेली आणि आवाज फुटलाच नाही, नुसता वारा. ती माझ्याकडे बघत राहिली.

“नाहीये,” मी म्हटलं. “उणे नाहीये श्रावणी. तू म्हणाली होतीस. मी ऐकलं होतं. मी लिहिलं नाही.”

“तुला कधीपासून माहितीय?”

“त्याच दिवसापासून.”

मला वाटलं आता ही उठून जाणार आणि पुन्हा खाली येणार नाही. मी रडायला लागले, मोठ्याने, लहान पोरांसारखी. श्रावणीने समोर हात पसरला, टेबल चाचपलं, कप हाताला लागला तो बाजूला सारला, आणि अख्खा पंजा पत्र्यावर असा आपटला की तिन्ही कपांतला चहा बशांत आला.

“उणे पाच,” ती म्हणाली. “पुढे वाच, मावशी.”

इंदूमावशीने चष्मा काढून पदराने पुसला, पुन्हा लावला, आणि पुढची ओळ वाचली.